खल्ता भात : वाशिमच्या गंजात इजिप्तची चव

वाशिम जिल्हा तसा भाताचा नव्हे. शिवारात सोयाबीन, तूर, हरभरा; ताटात पोळी, नाहीतर ज्वारीची भाकरी; आणि भात सगळ्यात शेवटी, वरणासोबत दोन घास. मसालेभात लग्नाच्या पंगतीत, गोळाभात कधी हौस आली तर. अशा घरात "आज नुसता भातच आहे" म्हटलं की पोट्टे तोंड वाकडं करतात. पण हाच भात तळलेले बदाम, फुगलेले किसमिस आणि दालचिनीचा वास घेऊन मोठ्या परातीत मधोमध आला, की पोळीची आठवण कुणालाच होत नाही. इजिप्तमध्ये घरोघरी होणारा हा भात आपल्याकडे सहज जमतो. त्यासाठी लागणारं सगळं सामान पाटणी चौकातल्या किराणा दुकानात मिळतं. बाहेरून मागवावं लागेल असं यात काही नाही.

तरीही माझा पहिला प्रयत्न साफ फसला होता. आखातात नोकरीला असलेल्या भाच्याने फोनवर सांगितलं, "मावशी, तांदूळ, कांदा, गरम मसाला, काजू, बदाम, किसमिस, एवढंच लागतं." मी सगळं एकदम कुकरमध्ये घातलं आणि तीन शिट्ट्या काढल्या. झाकण उघडलं तर काजू उकडलेल्या शेंगदाण्यासारखे मऊ, किसमिस फुटून भातात विरघळलेले, आणि भात ना धड गोड, ना धड तिखट. घरातून विचारणा झाली, "शिरा केला का?" भाच्याला पुन्हा फोन लावला. त्याच्या खोलीवर राहणारा इजिप्शियन सोबती दर शुक्रवारी हा भात करायचा. त्याने भाच्याकरवी निरोप दिला तो असा : सगळं वेगवेगळं करा आणि शेवटी एकत्र आणा.

या भाताचं सगळं तंत्र या एका वाक्यात आहे. प्रत्येकाची चूल वेगळी, पंगत मात्र एकच.

खल्ता म्हणजे काय?

इजिप्तमध्ये याला 'रोझ बिल खल्ता' म्हणतात. रोझ म्हणजे तांदूळ, खल्ता म्हणजे मिश्रण. कांद्यावर आणि मसाल्यावर परतून तपकिरी रंगाचा भात शिजवायचा आणि त्यात तळलेला सुकामेवा, किसमिस आणि बहुतेक घरांत बारीक चिरलेली कलेजी मिसळायची. रमजानच्या दिवसांत, ईदला, लग्नकार्यात हा भात भाजलेल्या कोंबडीसोबत किंवा टर्कीसोबत वाढतात. तिकडच्या रोजच्या भातात शेवया परतून घालायची पद्धत आहे. खल्ता हा सणावाराचा भात, म्हणून त्यात शेवयांच्या जागी मेवा येतो.

भातात गोड आणि खारट एकत्र आलं की आपल्यापैकी काहीजण बिचकतात. पण साखरभातात आपण लवंग घालतोच, आणि केशरी भातात काजू-बेदाणे असतातच. मंगरुळपीर, कारंजा, रिसोडकडच्या मुस्लीम घरांत ईदला जर्दा होतो, तो शेजारीपाजारी जातो आणि आवडीने खाल्ला जातो. फरक एवढाच की आपला गोड भात पूर्ण गोड असतो. खल्त्यात भात खारा आणि खमंग राहतो, गोडवा फक्त फळाच्या दाण्यात असतो. घासात मधूनच एखादा किसमिस लागतो आणि पुढच्या घासाला पुन्हा मसाला.

इजिप्तशी आपलं भाताचं नातं आणखी एका पदार्थात दिसतं. तिथे गाड्यांवर मिळणारी 'कोशरी' म्हणजे तांदूळ, मसूर, मॅकरोनी, काबुली चणे, वरून तळलेला कांदा आणि टोमॅटोची आंबट चटणी. हे नाव आपल्या खिचडीवरून गेलं असं अनेक अभ्यासक मानतात. चौदाव्या शतकात हिंदुस्थानात आलेला मोरोक्कोचा प्रवासी इब्न बतूता मूग-तांदळाची खिचडी आणि तिच्यावरच्या तुपाबद्दल लिहून गेला आहे, आणि तो आपल्या दौलताबादलाही येऊन गेला होता. तेव्हा भाताची ही देवाणघेवाण जुनीच आहे.

तांदूळ कोणता घ्यावा?

इजिप्तचा तांदूळ पिकतो नाईल नदीच्या मुखाजवळच्या त्रिभुज प्रदेशात. तो आखूड आणि जाडसर दाण्याचा असतो. शिजल्यावर थोडा एकमेकांना धरतो, पण गिचका होत नाही. आपल्याकडे पर्याय शोधताना लांब बासमतीकडे हात जातो. बासमती चालतो, पण त्याचा स्वतःचा वास इतका पुढे येतो की दालचिनी मागे पडते. आंबेमोहोर आणि इंद्रायणी चवीला छान, पण या भातासाठी जास्त चिकट.

माझ्या मते सगळ्यात चांगला पर्याय म्हणजे जुना एचएमटी किंवा कोलम. हा एचएमटी आपल्या विदर्भाचाच. चंद्रपूर जिल्ह्यात नागभीड तालुक्यातल्या नांदेड गावचे शेतकरी दादाजी खोब्रागडे यांनी आपल्या धानात वेगळ्या दिसणाऱ्या लोंब्या निवडून, वर्षानुवर्षं जपून हे वाण तयार केलं. त्याला नाव मिळालं ते त्या काळच्या एचएमटी घड्याळावरून. दादाजी २०१८ साली गेले. त्यांचा तांदूळ आजही आपल्या प्रत्येक दुकानात आहे.

दुकानदाराला "जुना द्या" असं स्पष्ट सांगा. नव्या तांदळात ओलावा जास्त असतो, त्यामुळे तो लवकर मऊ पडतो आणि चिकटतो. नवाच मिळाला तर पाणी पाव वाटीने कमी करा.

सुकामेवा : कुठे पैसे घालावेत, कुठे वाचवावेत

इजिप्तमध्ये यात बदाम, पिस्ते, हेझलनट आणि चिलगोज्यासारखे पाइनचे दाणे घालतात. चिलगोजे आपल्याकडे फार महाग पडतात. त्यांच्या जागी मी चारोळी घालते. आकाराने लहान, चवीला गोडसर, आणि भाजल्यावर जवळपास तोच लोण्यासारखा स्वाद. चारोळी घेताना एक दाणा तोंडात टाकून बघा. तिच्यात तेल भरपूर असल्याने ती लवकर खवट होते, आणि एक खवट चारोळी अख्ख्या भाताची चव घालवते.

काजू अख्खे घेण्याची गरज नाही. तुकडा काजू स्वस्त पडतो आणि या भातात तोच बरा दिसतो. बदाम मात्र अख्खे घ्या, कारण ते सोलून उभे चिरायचे असतात. पिस्ते घेतले तर बिनमिठाचे घ्या. खारवलेल्या पिस्त्यांनी मिठाचा अंदाज चुकतो. महिन्याच्या शेवटी हा भात करायचा असेल तर अर्धे बदाम कमी करून भाजलेले, सोललेले शेंगदाणे घाला. इजिप्तच्या माणसाने बघितलं तर नाक मुरडेल, पण चव बिघडत नाही.

फळांमध्ये मुख्य म्हणजे किसमिस. सांगली-तासगावकडचे हिरवट-सोनेरी बेदाणे सगळ्यात चांगले, कारण त्यात थोडा आंबटपणा असतो. काळे मनुके घातले तर बिया काढून घ्या. खजूर घालायचा तर घट्ट, कमी चिकट बघून घ्या. जगात सगळ्यात जास्त खजूर पिकवणारा देश इजिप्तच आहे, त्यामुळे खजूर या भातात शोभून दिसतो. आपल्या बाजूने मी एक भर घालते : डाळिंबाचे दाणे आणि संत्र्याच्या फोडी. डाळिंब तिकडेही घालतात, संत्रं मात्र माझं. आपल्याकडे आंबिया आणि मृग अशा दोन्ही बहारांचं संत्रं बाजारात येतं, मग ते का सोडायचं?

मसाला : कमी, पण ताजा

इजिप्तच्या मसाल्याला 'बहारात' म्हणतात. त्यात दालचिनी, वेलदोडा, लवंग, मिरी आणि जायफळ असतं. तिकडे आणखी ऑलस्पाइस नावाचे मिरीसारखे दाणे घालतात. ते आपल्याकडे सहज मिळत नाहीत, पण लवंग, दालचिनी आणि जायफळ एकत्र आले की त्यांची उणीव भासत नाही.

यात काय घालायचं नाही, तेही नीट लक्षात ठेवा. हळद नाही, लाल तिखट नाही, मोहरी-जिऱ्याची फोडणी नाही, आलं-लसणाची पेस्ट नाही, कोथिंबीर नाही. आपल्या काळ्या मसाल्याचा मोह होतो, पण तो घातला की हा मसालेभात होतो. मसालेभात उत्तमच, पण तो वेगळा पदार्थ. तिखट मिरीचं असावं आणि वास दालचिनीचा.

साहित्य (चार माणसांसाठी)

वाटी म्हणजे घरातली नेहमीची आमटीची वाटी, साधारण १५० मिलिलिटरची. चमचा म्हणजे पोह्यांचा, असं धरा. जिथे लहान म्हटलं आहे तिथे चहाचा.

जुना एचएमटी किंवा कोलम तांदूळ : २ वाट्या
कांदे : २ मोठे, बारीक चिरलेले
साजूक तूप : ३ चमचे, आणि तेल १ चमचा
बदाम : २०
काजूचे तुकडे : पाव वाटी
चारोळी : १ चमचा
बेदाणे : पाव वाटी
खजूर : ५-६, बिया काढून चिरलेले
डाळिंबाचे दाणे : अर्धी वाटी
संत्रं : १ (हवं असल्यास)
दालचिनी : १ इंचाचा तुकडा
वेलदोडे : ४
लवंगा : ३
काळी मिरी : १०-१२ दाणे, भरड कुटलेली
जायफळ : दोनदा किसणीवर फिरवून पडेल तेवढं
तमालपत्र : १
साखर : १ लहान चमचा
मीठ : सव्वा लहान चमचा
गरम पाणी : ३ वाट्या

कृती

१. तांदूळ तीन पाण्यांनी धुवा. तिसरं पाणी जवळजवळ स्वच्छ दिसलं पाहिजे, कारण वरचं पीठ राहिलं की भात चिकट होतो. मग वीस मिनिटं भिजवा आणि चाळणीत दहा मिनिटं निथळत ठेवा. निथळणं टाळू नका. ओला तांदूळ तुपात पडला की परतला जात नाही, नुसता वाफाळतो.

२. बदाम उकळत्या पाण्यात दहा मिनिटं ठेवा, साल काढा, उभे दोन तुकडे करा आणि फडक्याने कोरडे पुसा. ओले बदाम तुपात तडतडतात आणि हात भाजतो.

३. जाड बुडाच्या गंजात तूप आणि तेल मंद आचेवर तापवा. आधी बदाम घाला. तीन मिनिटांत ते फिकट सोनेरी होतील. काढून घ्या. मग काजू, दीड मिनिट. मग चारोळी, जेमतेम अर्धं मिनिट. चारोळी झाऱ्यातून निसटते, म्हणून लहान चाळणी जवळ ठेवा. शेवटी बेदाणे. ते पंधरा-वीस सेकंदांत फुग्यासारखे टम्म होतात. फुगले की लगेच बाहेर. प्रत्येक गोष्ट हवी त्यापेक्षा एक छटा फिकट असतानाच काढा. तुपातून काढल्यावरही ती आतल्या उष्णतेने रंग धरत राहते. सगळा मेवा कागदावर पसरवा आणि चिमूटभर मीठ भुरभुरवा.

४. त्याच तुपात साखर घाला आणि न हलवता वितळू द्या. ती मधाच्या रंगाची झाली की लगेच कांदा घाला. कांद्याचं पाणी सुटतं आणि साखर पुढे जळत नाही. आता मध्यम आचेवर बारा ते पंधरा मिनिटं परता. कांदा गुलाबीच्या पुढे, तांबूस तपकिरी झाला पाहिजे. भाताचा रंग याच पायरीवर ठरतो. इथे घाई केली तर भात पांढरट राहतो, आणि कांदा काळा पडला तर कडू.

५. तमालपत्र, दालचिनी, ठेचलेले वेलदोडे आणि लवंगा घाला आणि अर्धं मिनिट परता. मग निथळलेला तांदूळ घाला. हलक्या हाताने, उलथन्याने खालून वर, तीन-चार मिनिटं परता. तांदूळ आधी जड लागेल, मग मोकळा होईल आणि गंजाच्या बुडाशी खळखळ वाजायला लागेल. हा आवाज आला की समजा, प्रत्येक दाण्यावर तुपाचा पातळ थर बसला. हाच थर दाणे एकमेकांना चिकटू देत नाही.

६. मिरी, जायफळ आणि मीठ घाला आणि उकळतं पाणी ओता. पाणी गारच ओतलं तर तापलेला दाणा बाहेरून मऊ आणि आतून कच्चा राहतो. एक उकळी आल्यावर चमचाभर पाणी चाखून बघा. ते किंचित खारट लागलं पाहिजे. गोड फळं नंतर येणार आहेत, म्हणून मीठ इथे पुरेसं हवं. वरून मीठ घालून ही चव येत नाही.

७. पाणी तांदळाच्या पातळीपर्यंत आटलं आणि वर बारीक खड्डे दिसायला लागले की गॅस अगदी मंद करा, गंजाखाली तवा ठेवा, झाकण लावा आणि बारा मिनिटं अजिबात उघडू नका.

८. गॅस बंद करा. झाकण उघडून आतून स्वच्छ फडकं लावा आणि पुन्हा घट्ट बंद करून दहा मिनिटं ठेवा. झाकणावर जमलेलं पाणी फडक्यात जातं, भातावर ठिबकत नाही. या दहा मिनिटांत खालची वाफ वर येते आणि सगळे दाणे सारखे होतात.

९. काट्या चमच्याने भात मोकळा करा. अर्धा मेवा, बेदाणे आणि खजूर हलक्या हाताने मिसळा. भात परातीत किंवा मोठ्या ताटात काढा, उरलेला मेवा वरून पसरा आणि त्यावर डाळिंबाचे दाणे. संत्र्याच्या फोडी घालायच्या तर वरचा पापुद्रा आणि बिया काढून अगदी शेवटी, वाढताना ठेवा. संत्रं गॅसवर तापलं की कडवटपणा येतो.

कुठे चुकतं?

कुकरचाच हट्ट असेल तर तांदूळ आणि कांदा पाचव्या पायरीपर्यंत कुकरमध्ये परता, अडीच वाट्या गरम पाणी घाला, एकच शिट्टी होऊ द्या आणि गॅस बंद करा. वाफ आपोआप जिरू द्या. मेवा आणि फळं मात्र नंतरच. कुकरच्या वाफेत काजूचा कुरकुरीतपणा जातो, बेदाणा पाणी पिऊन फुटतो, त्याची साखर सगळ्या भातात पसरते, आणि मग आमच्या घरचा तो प्रश्न तुमच्याही घरात विचारला जाईल.

भात फार मऊ झाला तर परातीत पसरून पंख्याखाली पाच मिनिटं ठेवा. दाणे थोडे सावरतात. तळाशी करपला असेल तर हलवू नका. वरचा भात अलगद दुसऱ्या भांड्यात काढा आणि करपलेला तसाच खाली सोडा. उकरला की करपट वास सगळीकडे जातो. भात कच्चा राहिला तर पाव वाटी उकळतं पाणी शिंपडून, झाकण लावून आणखी पाच मिनिटं मंद आचेवर ठेवा.

गोड जास्त झालं असं वाटलं तर लिंबू पिळा. मीठ वाढवून गोडवा झाकत नाही, आंबटाने तो उतरतो.

कांदा न खाणाऱ्यांसाठी, आणि कलेजी खाणाऱ्यांसाठी

आपल्या जिल्ह्यात शिरपूर आणि कारंजा ही जैनांची मोठी तीर्थं आहेत, आणि कांदा-लसूण न खाणारी घरं पुष्कळ. त्यांनी कांदा गाळून साखर थोडी जास्त, दीड लहान चमचा घ्यावी आणि ती मधाच्या रंगाहून थोडी गडद होऊ द्यावी. साखर गडद झाल्याक्षणी तांदूळ घालावा. साखर काळी पडून धूर आला तर ती फेकून नव्याने सुरुवात करा. तो कडूपणा कशानेही जात नाही. कांदा नसल्याने वेलदोडा एक जास्त घाला.

मांसाहारी घरात खरा खल्ता हवा असेल तर कोंबडीची पोटा-कलेजी पाव किलो घ्या. पोटा आधी कुकरमध्ये मीठ-पाण्यात चार शिट्ट्यांनी मऊ करा. ते पाणी फेकू नका, भात शिजवायला वापरा. कलेजीवरच्या पांढऱ्या शिरा काढा, ती अर्ध्या इंचाचे तुकडे करून तव्यावर तुपात, मिरी आणि मिठासोबत चार-पाच मिनिटं परता. आतून गुलाबी राहता कामा नये, पण फार वेळ ठेवली तर रबरासारखी होते. तीही शेवटीच मिसळायची. इजिप्तमध्ये साध्या पाण्याऐवजी कोंबडीचा रस्सा भातात घालतात. तो घातलात तर मीठ अर्धं करा आणि मग चाखून वाढवा.

पंगतीसाठी

पंचवीस-तीस माणसांसाठी तांदूळ दोन किलो, कांदे दीड किलो, सगळा मेवा मिळून अर्धा किलो, बेदाणे पाव किलो, तूप साडेतीनशे ग्रॅम आणि मीठ पन्नास ग्रॅमच्या आसपास लागतं. तांदूळ आठपट झाला म्हणून मसाला आठपट करू नका, सहापट पुरतो. मोठ्या भांड्यात लवंग आणि वेलदोडा फार चढतात.

पाण्याचं गणितही बदलतं. मोठ्या गंजात पाणी कमी उडून जातं, म्हणून दोन किलो तांदळाला तीन लिटर पाणी पुरेसं आहे. चुलीवर करत असाल तर पाणी आटल्यावर लाकडं बाहेर ओढा, बुडाखाली फक्त निखारे ठेवा आणि थोडे निखारे झाकणावरही टाका. वरून-खालून सारखी वाफ लागते. मेवा आदल्या दिवशी तळून, पूर्ण गार झाल्यावर घट्ट झाकणाच्या डब्यात भरून ठेवता येतो. गरम असतानाच डबा लावला तर आत वाफ धरते आणि दुसऱ्या दिवशी सगळा मेवा मऊ पडलेला मिळतो.

सोबत काय वाढावं?

इजिप्तमध्ये दह्यात काकडी, थोडा लसूण आणि वाळलेला पुदिना घालून कोशिंबीर करतात. आपली काकडीची कोशिंबीर तिची सख्खी बहीणच, फक्त फोडणी आणि साखर गाळा. सोबत मठ्ठा चालतो, भाजलेला पापड चालतो. वऱ्हाडी तिखट रस्सा मात्र या भातावर ओतू नका. रस्सा जिंकतो आणि दालचिनी हरते. कोंबडी हवीच असेल तर कोरडी, भाजलेली वाढा.

मेव्याच्या जागी थोड्या शेवया तुपात तांबूस परतून भातात घातल्या तर तिकडचा रोजचा भात तयार होतो. उन्हाळ्यात घरी केलेल्या गव्हाच्या शेवया डब्याच्या तळाशी उरतात, तुटलेल्या, पाहुण्यांना देण्यासारख्या नसतात. त्यांचा यापेक्षा चांगला उपयोग मला तरी माहीत नाही. तांदळासोबत पाव वाटी शेवया घातल्या तर पाणी पाव वाटीने वाढवा.

उरलेला भात आणि थोडी काळजी

वैशाखात आपल्याकडे पारा चाळिशीच्या वर असतो. शिजलेला भात त्या उष्म्यात एका तासापेक्षा जास्त बाहेर ठेवू नका. तांदळातल्या काही जिवाणूंचे बीजाणू शिजूनही जिवंत राहतात आणि कोमट भातात झपाट्याने वाढतात. त्यांनी तयार केलेलं विष पुन्हा गरम केल्यानेही जात नाही. उरलेला भात पसरट ताटात लवकर गार करा, डब्यात भरून फ्रीजमध्ये ठेवा आणि दुसऱ्या दिवशी संपवा. गरम करताना पाण्याचा शिपका मारून पूर्ण वाफ येईपर्यंत तापवा. डाळिंब आणि संत्रं आधीच घातलं असेल तर तेवढा भाग त्याच वेळी संपवा.

पाच वर्षांखालच्या मुलांना अख्खे बदाम-काजू देऊ नका, घशात अडकतात. त्यांच्यासाठी मेवा कुटून मिसळा. पंगतीत वाढताना "यात बदाम-काजू आहेत" असं मोठ्याने सांगा, कारण सुकामेव्याची अॅलर्जी असलेला माणूस भाताकडे बघून ते ओळखेलच असं नाही. मधुमेह असणाऱ्यांनी खजूर आणि बेदाणे गाळून मेवा आणि थोडं डाळिंब ठेवावं, आणि भात अर्धी वाटीच घ्यावा.

पहिल्यांदा करताना दोन वाट्यांचाच भात करा, पंगतीचा घाट घालू नका. रविवारी सकाळी मेवा तळून ठेवा, दुपारी अकराला तांदूळ भिजवा, बारा वाजता भात परातीत असेल. आणि काही झालं तरी, काजूची वाटी हातात घेऊन कुकरकडे वळू नका.